टीव्हीवरच्या डॉग शोची तयारी: रिंगमधली दोन मिनिटं आणि त्याआधीचे महिने

टीव्हीवर ग्रुपची, म्हणजे एका गटातल्या वेगवेगळ्या जातींच्या विजेत्यांची, फेरी पाहणाऱ्याला वाटतं, रिंगमधल्या पंचवीस-तीस कुत्र्यांची आपापसात तुलना चालली आहे. प्रत्यक्षात जज प्रत्येक कुत्र्याला त्याच्याच जातीच्या ब्रीड स्टँडर्डशी, म्हणजे त्या जातीचा आदर्श कुत्रा कसा असावा याच्या लेखी वर्णनाशी, ताडून पाहत असतो, आणि आपल्या स्टँडर्डच्या सर्वांत जवळ जाणारा कुत्रा पुढे काढला जातो. म्हणून धावण्यात कुणालाही न हरवणारा पेकिनीजसुद्धा बेस्ट इन शो, म्हणजे अख्ख्या स्पर्धेचा विजेता, होऊ शकतो. 2021 मध्ये वसाबी नावाच्या पेकिनीजने वेस्टमिन्स्टर हा अमेरिकेतला डॉग शो जिंकला. त्या जातीची चाल संथ, रुबाबदार आणि खांद्यातून किंचित डुलणारीच हवी, असं स्टँडर्ड सांगतं.

कॅमेरे आले म्हणून स्टँडर्ड बदलत नाही, पण बाकी जवळजवळ सगळं बदलतं. प्रखर दिवे, अचानक उसळणाऱ्या टाळ्या, पायाखालचा अनोळखी गालिचा, तासन्‌तास वाट पाहणं आणि हँडलरच्या, म्हणजे कुत्र्याला रिंगमध्ये फिरवणाऱ्याच्या, हाताला सुटलेला कंप. लहानमोठ्या स्पर्धा सहज जिंकत आलेला कुत्रा इथे शेपूट पायांत घालून उभा राहतो, तेव्हा त्याच्या बांध्यात दोष निघालेला नसतो. तयारी बांध्याची झालेली असते, जागेची राहिलेली असते. त्यामुळे या लेखात जागेच्या तयारीवर जास्त भर दिला आहे.

तिथपर्यंतची वाट

वेस्टमिन्स्टर 1877 पासून सुरू आहे आणि टीव्हीवर पहिल्यांदा दिसलं ते 1948 मध्ये. इंग्लंडमधलं क्रफ्ट्स 1891 चं. ते 1991 पासून बर्मिंगहॅमच्या एनईसी या प्रदर्शन केंद्रात दर मार्चला भरतं. अमेरिकेत थँक्सगिव्हिंगच्या दिवशी दाखवला जाणारा नॅशनल डॉग शो काही दिवस आधीच चित्रित झालेला असतो. तिथे प्रक्षेपणापर्यंत निकाल बाहेर बोलायचा नसतो, हे कुत्र्याच्या मालकांनीही पाळायचं असतं.

अमेरिकन केनेल क्लबच्या पद्धतीत चॅम्पियन होण्यासाठी 15 गुण लागतात. एका स्पर्धेत 1 ते 5 गुण मिळतात. किती मिळणार हे त्या दिवशी त्या जातीची किती कुत्री हरवली यावर ठरतं. 3, 4 किंवा 5 गुणांच्या विजयाला मेजर म्हणतात. असे किमान दोन मेजर दोन वेगळ्या जजांच्या हाताखाली मिळायला हवेत आणि उरलेल्या गुणांपैकी काही तरी तिसऱ्या जजाकडून यायला हवेत. इथेच बरेच जण अडकतात. सुटे गुण पटापट जमतात, पण मेजर होण्याइतकी कुत्री एका जागी येत नाहीत. प्रवासाचं वर्षभराचं वेळापत्रक गुणांपेक्षा मेजर कुठे मिळू शकतील हे पाहून आखावं. वेस्टमिन्स्टरची पहिली निमंत्रणं प्रत्येक जातीतल्या वर्षभरातल्या अव्वल पाच कुत्र्यांना जातात. बाकीच्यांना अर्जाच्या रांगेत जागा मिळवावी लागते.

ब्रिटनमध्ये चॅम्पियनपदासाठी तीन वेगळ्या जजांकडून तीन चॅलेंज सर्टिफिकेट्स (जातीतल्या सर्वोत्तम नराला किंवा मादीला मिळणारी प्रमाणपत्रं) लागतात आणि त्यातलं किमान एक कुत्रा बारा महिन्यांचा झाल्यानंतरचं असावं लागतं. क्रफ्ट्सचा प्रवेश मात्र वर्षभरातल्या मान्य स्पर्धांत ठरावीक वर्गांमध्ये क्रमांक मिळवून पक्का करता येतो. तिथे आणखी एक टप्पा आहे. 2012 पासून काही ठरावीक जातींच्या बेस्ट ऑफ ब्रीड विजेत्याला ग्रुपमध्ये जाण्याआधी पशुवैद्यकाची तपासणी पार करावी लागते. पहिल्याच वर्षी अशा पंधरा जातींपैकी सहांचे विजेते नापास झाले. बुलडॉग, पेकिनीज, मॅस्टिफ, निआपॉलिटन मॅस्टिफ, बॅसेट हाउंड आणि क्लंबर स्पॅनिएल यांची त्या वर्षीची ग्रुपमधली जागा रिकामी राहिली. ही तपासणी आली हे उत्तमच झालं. ज्या कुत्र्याला श्वास घ्यायला त्रास होतो किंवा पापण्या आत वळून डोळे चुरचुरतात, त्याला टीव्हीवर आदर्श म्हणून दाखवायला नको. घरच्या पशुवैद्यकाकडून डोळे, श्वास, त्वचा आणि चाल या चारही गोष्टी प्रवेशअर्ज भरण्याआधीच पाहून घ्या.

एक गोष्ट नवख्यांना उशिरा कळते. अमेरिकेत नसबंदी केलेला कुत्रा या स्पर्धांच्या नेहमीच्या वर्गांत चालत नाही, कारण मुळात निवड प्रजननासाठीची आहे. नराचे दोन्ही वृषण खाली उतरलेले हवेत आणि जज ते हाताने तपासतो.

जजाचा हात आणि कुत्र्याचं उभं राहणं

अमेरिकेत जजाने तासाला साधारण 25 कुत्री पाहावीत अशी अपेक्षा असते. म्हणजे एका कुत्र्याच्या वाट्याला अडीच मिनिटंसुद्धा येत नाहीत. त्यात उभं राहणं, हाताने तपासणी, जाऊन येणं आणि फेरी, सगळं बसवायचं. म्हणून स्टॅक, म्हणजे कुत्र्याला ठरलेल्या ढबीत उभं करणं, दहा सेकंदांत झालं पाहिजे.

रिंगमध्ये फेरी डावीकडे वळत जाते, जज मधोमध असतो, कुत्रा हँडलरच्या डाव्या हाताला. थांबून कुत्र्याकडे वळलात की त्याचं तोंड तुमच्या उजव्या हाताला येतं. आधी उजव्या हाताने डोकं स्थिर धरा. मग जजाच्या बाजूचा पुढचा पाय, मग दुसरा पुढचा, मग मागचे. पुढचा पाय कोपरापासून उचलून ठेवा. पंजा धरून ठेवायला गेलात तर कुत्रा तो हटकून मागे ओढतो. पुढचे पाय खांद्याच्या उंचवट्याच्या सरळ खाली, बोटं समोर. मागच्या पायाचा घोट्याखालचा भाग जमिनीशी काटकोनात. जर्मन शेफर्डसारख्या काही जातींत एक मागचा पाय पुढे घेतात, तेव्हा आपल्या जातीची रीत आधी पाहा. मागचे पाय फार मागे ताणले की पाठीची रेषा उतरती दिसते, फार पुढे घेतले की पाठ कमानीसारखी वर येते. चांगल्या पाठीचा कुत्रा निव्वळ पाय चुकल्याने वाईट दिसतो. घरी मोठ्या आरशासमोर सराव केला तर हे लगेच कळतं, कारण वरून पाहणाऱ्याला पाठीची रेषा कधीच नीट दिसत नाही.

सराव थोडा आणि रोज. पिल्लाला सुरुवातीला पाच सेकंद, मग दहा, मग अर्धा मिनिट. दोन मिनिटांच्या पुढे नेऊ नका. कंटाळलेला कुत्रा वजन मागच्या पायांवर टाकून झुकतो आणि ती सवय एकदा लागली की सुटता सुटत नाही.

लहान जाती टेबलावर तपासल्या जातात, काही मध्यम जाती उताराच्या फळीवर. टेबल डगमगतं का ते आधी हाताने दाबून पाहा. टेबलाचा एक झोका आयुष्यभराची भीती बसवू शकतो. सरावात टेबलाची उंची आणि पृष्ठभाग बदलत राहा.

दातांची तपासणी सर्वांत नाजूक. पुढचे दात कसे जुळतात ते आधी, मग दोन्ही बाजू. काही जातींत दात मोजले जातात. डॉबरमनचे चार किंवा जास्त दात नसतील तर तो अमेरिकन स्टँडर्डप्रमाणे बाद होतो. ओठ उचलताना नाकपुड्या झाकल्या गेल्या की कुत्रा डोकं झटकतो, आणि बहुतेक वेळा मालक समजतो की कुत्रा हट्टी आहे. अंगठा वरच्या ओठाखाली, नाक मोकळं, तीन सेकंद, मग खाऊ. एवढंच रोज करा.

अमेरिकन स्टँडर्डमध्ये काही जातींच्या उंचीच्या बाबतीत सवलतीला जागाच नाही. मिनिएचर श्नाउझर 12 ते 14 इंचांच्या बाहेर गेला की बाद, बीगल 15 इंचांच्या वर गेला की बाद. लॅब्राडोरला अर्ध्या इंचाची सूट आहे, त्यापुढे नाही. आपला कुत्रा काठावर असेल तर घरी मापाची चौकट बनवून तिच्याखाली निवांत उभं राहायला शिकवा. घाबरलेला कुत्रा अंग चोरतो किंवा ताठ होतो आणि माप चुकतं.

चाल

चाल दाखवताना कुत्रा दुडक्या चालीत हवा, म्हणजे समोरचा एक पाय आणि विरुद्ध बाजूचा मागचा पाय एकत्र. तपासणी संपली की जज सरळ जाऊन यायला किंवा त्रिकोणात फिरायला सांगतो. जाताना मागचे पाय दिसतात, येताना पुढचे, बाजूने पाऊल किती लांब पडतं ते. परत येताना जजापासून पाच-सहा फुटांवर थांबा, म्हणजे कुत्र्याला स्वतःहून नीट उभं राहायला जागा मिळते. जजाच्या पायाशी जाऊन थांबलात तर तो कुत्र्याची फक्त टाळू पाहतो.

दोन दोष सतत दिसतात. पहिला, एकाच बाजूचे दोन्ही पाय एकत्र पडणं. थकवा किंवा हँडलरचा वेग कमी पडणं ही त्याची नेहमीची कारणं. पट्टा हलका वर उचलून कुत्र्याला क्षणभर तोल बदलायला लावा आणि एकदम दोन पावलं वेगाने टाका, चाल सुधारते. दुसरा दोष म्हणजे अंग तिरकं करून धावणं. याचं मूळ बहुतेक वेळा हँडलरमध्ये असतं. पट्टा आवळलेला असतो, किंवा उजव्या हातात खाऊ दाखवत धावल्यामुळे कुत्रा मान वळवून हाताकडे पाहत धावतो आणि मागचा भाग बाहेर जातो. खाऊ खिशात ठेवा, पट्टा सैल ठेवा, नजर समोर.

योग्य वेग कोणता, ते डोळ्यांनी ठरवता येत नाही. कुणाला तरी बाजूने चित्रण करायला सांगा, एकच फेरी पाच वेगवेगळ्या वेगांनी मारा आणि संथ गतीने पाहा. जिथे पाठ स्थिर राहते, पावलं लांब पडतात आणि तरी पाय हवेत उगाच उचलले जात नाहीत, तो तुमच्या कुत्र्याचा वेग. तो वेग तुमच्या पायांत बसेपर्यंत मनात आकडे मोजत धावा. टीव्हीच्या मोठ्या रिंगमध्ये उत्साहाच्या भरात प्रत्येकजण वेगाने पळतो आणि कुत्रा दुडक्या चालीतून उड्या मारत धावायला लागतो. हे टाळता येतं ते याच मोजणीने. पुढच्या कुत्र्यापासून दोन-तीन कुत्र्यांचं अंतर ठेवून निघा. मागचा कुत्रा वेगवान जातीचा असेल तर त्याच्या हँडलरशी आधीच बोलून ठेवा.

आवाज, दिवे, गालिचा

इथे सर्वांत जास्त वेळ घालवावा. किमान तीन महिने.

टाळ्यांपासून सुरू करा. टाळ्यांचं ध्वनिमुद्रण कुत्रा जेवताना अगदी हलक्या आवाजात लावा. काही दिवसांनी थोडं वाढवा. खाणं थांबलं की समजा आवाज जास्त झाला, मागच्या पायरीवर या. इथपर्यंत बहुतेक जण करतात. चूक पुढे होते. सलग चालणाऱ्या आवाजाची कुत्र्याला सवय होते, पण रिंगमधला आवाज सलग नसतो. जातीचं नाव पुकारलं की एकदम स्फोट, मग शांतता, मग पुन्हा स्फोट. तेव्हा सरावात आवाज अचानक सुरू करा आणि अचानक थांबवा, आणि प्रत्येक सुरुवातीला खाऊ द्या. टाळ्या वाजल्या की खाऊ येतो, हे पक्कं बसलेला कुत्रा त्या क्षणी शेपूट उंचावतो. 2008 मध्ये वेस्टमिन्स्टर जिंकणारा ऊनो हा तिथे बेस्ट इन शो ठरलेला पहिला बीगल. तो गर्दीला घाबरणं दूरच, उलट भुंकून गर्दीला साथ देत होता. असा स्वभाव थोडा जन्मजात असतो, पण निम्मा घडवता येतो असं मला ठामपणे वाटतं.

मग कॅमेरा. कुत्र्याला कॅमेऱ्याची भीती नसते. भीती असते ती वाकून, खांद्यावर काळं धूड घेऊन, मागे मागे सरकणाऱ्या माणसाच्या आकाराची. मित्राला खांद्यावर खोकं देऊन वीस फुटांवर उभं करा. आधी तो नुसता उभा, मग वाकलेला, मग बाजूने चालणारा, शेवटी कुत्र्याच्या समोरून मागे सरकणारा. प्रत्येक टप्प्यावर कुत्रा खाऊ घेतो का हे पाहत अंतर कमी करा. जमिनीलगत ठेवलेला कॅमेराही असतो, त्यामुळे तिपाईवर काचेची चकाकणारी वस्तू गुडघ्याच्या उंचीवर ठेवून तिच्याजवळून फेऱ्या मारा. डोक्यावरून तारेवर सरकणाऱ्या कॅमेऱ्याची सावली जमिनीवर पडते. सावलीवर झडप घालणाऱ्या टेरिअरना तिची सवय खास लावावी लागते.

वेस्टमिन्स्टरच्या अंतिम फेरीत सभागृह अंधारं करून एकेका कुत्र्यावर झोत टाकतात. अंधारातून झोतात गेल्यावर कुत्र्याच्या डोळ्यांना काही क्षण नीट दिसत नाही, आणि स्वतःची लांब सावली पुढे धावताना दिसते. रात्री मोकळ्या मैदानात एक जोरदार दिवा लावून त्यात आत-बाहेर करा. आठवडाभरात फरक पडतो.

गालिच्याचे त्रास वेगळे. नेहमीच्या स्पर्धांत रबरी पट्ट्या असतात आणि कुत्र्याला कुठे धावायचं ते त्या पट्ट्यांवरून कळतं. सगळीकडे सारखा हिरवा गालिचा पसरला की कुत्रा भरकटतो. म्हणून घरी हिरवळीवर, पट्टीविना, सरळ रेषेत धावायचा सराव हवा. गालिच्यात आधीच्या शंभर कुत्र्यांचे वास मुरलेले असतात. नाक खाली घातलं की चाल संपली. पट्ट्याचा फास जबड्याच्या मागे, कानाच्या खाली उंच बसवला तर हलक्या इशाऱ्याने डोकं वर येतं. तोच घसरून मानेच्या मधोमध आला तर ओढाताण होते आणि केसही तुटतात.

हिवाळ्यातल्या बंदिस्त, कोरड्या हवेत गालिच्यावर स्थिर वीज तयार होते. जजाचं बोट कुत्र्याच्या नाकाला लागताच ठिणगी उडते, कुत्रा मागे सरतो, आणि बाहेरच्याला वाटतं कुत्रा बुजरा आहे. लांब केसांच्या जातींत केस उभे राहतात ते वेगळंच. रिंगमध्ये जाण्याआधी साध्या पाण्याचा अगदी बारीक फवारा अंगावर मारा, आणि कुत्र्याला हात लावण्याआधी टेबलाची धातूची कड किंवा क्रेटचा, म्हणजे कुत्र्याच्या पिंजऱ्याचा, दांडा स्वतः एकदा शिवून घ्या.

संध्याकाळच्या फेऱ्यांत जजही औपचारिक पोशाखात असतात. लांब, सळसळणारा, चमकदार गाऊन कुत्र्याच्या अंगावरून घासत जातो. तसा कपडा घातलेल्या माणसाकडून चार वेळा तपासणी करून घ्या. टोपी, दाढी, चष्मा, अत्तर, काठी यांचीही सवय हवी.

कोट

कोट म्हणजे कुत्र्याच्या अंगावरचे केस. प्रत्येक जातीचं केसांचं वेळापत्रक स्वतंत्र आहे. दोन उदाहरणांवरून बाकीचा अंदाज येईल.

राठ केसांच्या टेरिअरचा कोट मशीनने कापायचा नसतो, हाताने उपटायचा असतो. मशीन केसाचं टणक, गडद टोक कापून टाकतं आणि मागे मऊ, फिक्या रंगाचं बूड उरतं. दोन-तीनदा मशीन फिरवलं की स्टँडर्डमध्ये मागितलेला राठपणाच जातो. पूर्ण उपटल्यावर अंगावरचा कोट रिंगच्या लांबीचा व्हायला साधारण दहा ते बारा आठवडे लागतात. अंग आधी, मान आणि खांदे त्यानंतर, डोकं शेवटच्या चार-पाच आठवड्यांत. सगळं एकाच दिवशी उपटलं तर स्पर्धेच्या दिवशी अंग आखूड आणि डोकं झिपरं दिसतं. अनुभवी मंडळी दर आठवड्याला थोडे थोडे पिकलेले केस काढत राहतात, मग कोट वर्षभर तयार असतो. केस वाढीच्या दिशेनेच ओढा. बोटांना थोडी खडूची पूड लावली की पकड बसते. वेस्टमिन्स्टरमध्ये 2019 पर्यंत वायर फॉक्स टेरिअर पंधरा वेळा जिंकला, आणि त्यामागे या हातांची मेहनत मोठी आहे.

पूडल दुसऱ्या टोकाला. डोक्यावरचे केस रबरांत बांधून उभे करायला आणि कापून गोल करायला दोन तास सहज जातात. रबर काढताना ओढू नका, कात्रीने कापा. केसाचं टोक तुटलं तर ते भरून यायला महिने जातात.

कोटात काहीही लपवायला परवानगी नाही. रंग बदलणारा किंवा केसांचा पोत बदलणारा कुठलाही पदार्थ अंगावर राहिलेला सापडला तर कुत्रा बाद होऊ शकतो, आणि क्रफ्ट्समध्ये केसांचे नमुने तपासले जाऊ शकतात. पांढरे पाय स्वच्छ करायला खडू वापरलात तर शेवटचा कणही ब्रशने झटकून काढा. टीव्हीच्या दिव्याखाली जजाने पाठीवर थाप मारली आणि पांढरा ढग उडाला, तर लाखो लोकांना तो दिसतो.

मादीच्या बाबतीत एक हिशोब ठेवावाच लागतो. माजानंतर दोन-तीन महिन्यांनी बऱ्याच माद्या कोट टाकतात. माज कधी आला याची नोंद नसेल तर ऐन स्पर्धेच्या आठवड्यात ब्रशमध्ये मूठ-मूठ केस येतात आणि तेव्हा काहीच करता येत नाही.

तो दिवस

वेस्टमिन्स्टर, क्रफ्ट्स आणि नॅशनल डॉग शो या तिन्ही स्पर्धांत बेंचिंग असतं. म्हणजे ठरलेल्या वेळेत कुत्रा आपल्या बेंचवर लोकांना दिसला पाहिजे. सकाळी जातीची फेरी, रात्री ग्रुप, मधे आठ-दहा तास गर्दी. थकवा इथेच येतो. दर दोन तासांनी अर्धा तास तरी क्रेटवर कापड टाकून कुत्र्याला झोपवा. अनोळखी लोकांना खाऊ देऊ देऊ नका. एका बिस्किटाने पोट बिघडतं.

पाणी घरचंच न्या, दोन दिवसांचं. पाणी बदललं की अनेक कुत्र्यांना पातळ शौच होते. सकाळी नेहमीच्या निम्मं अन्न, रिंगच्या किमान चार तास आधी. छाती खोल असलेल्या जातींत भरल्या पोटी धावणं जिवावर बेतू शकतं, कारण पोटाला पीळ पडतो. लसीकरण शेवटच्या आठवड्यात करू नका, आधीच उरकून ठेवा. बंदिस्त जागेतल्या इतक्या गर्दीत खोकल्याचा संसर्ग झपाट्याने पसरतो.

शहराच्या मधोमध, इमारतीच्या आत, कुत्र्याने शौच कुठे करायची? लाकडी भुश्शाने भरलेल्या कुंपणात. आयुष्यभर गवतावर जाणारा कुत्रा तिथे दिवसभर रोखून धरतो आणि मग नको तिथे मोकळा होतो. 2020 च्या क्रफ्ट्समध्ये विजेती ठरलेली वायरहेअर डॅक्सहंड मेझी विजयफेरीतच बसली, आणि ते सगळ्या जगाने पाहिलं. दोन महिने आधीपासून घरी भुश्शाचा खोका ठेवा आणि आज्ञेच्या एकाच शब्दावर जायला शिकवा.

खाऊ म्हणून कलेजी उत्तम. पंधरा-वीस मिनिटं उकडा, निथळा, 150 अंशांवर अर्धा तास ओव्हनमध्ये कोरडी करा, मग वाटाण्याएवढे तुकडे करा. कोरडी केली नाही तर चुरा होतो आणि बोटं तेलकट होऊन केसांना लागतात. तुकडा गालिच्यावर फेकू नका. मागून येणारा कुत्रा तिथेच नाक लावून थांबतो.

कपड्यांचं थोडक्यात: काळ्या कुत्र्यामागे काळा सूट घातला की कुत्र्याची कडाच दिसत नाही, पांढऱ्यामागे फिकट रंगाचंही तेच. बारीक रेघांचं कापड पडद्यावर लहरी मारतं. टाचा नकोत, रबरी तळव्याचे बूट हवेत. खिशात किल्ल्या, नाणी काही नको.

रिंगच्या तोंडाशी वीस मिनिटं आधी पोचा. जाहिरातींसाठी प्रक्षेपण थांबतं आणि रांग तशीच उभी राहते. या वेळात कुत्र्याला स्टॅकमध्ये ठेवू नका. मांड्या थरथरायला लागतात आणि पाठ खचते. त्याला बसू द्या, लोळू द्या, आपल्या पायाशी खेळू द्या. दाट कोटाच्या आणि चपट्या नाकाच्या कुत्र्यांना दिव्याखाली लगेच उकडतं, तेव्हा शेवटच्या क्षणापर्यंत अंगावर ओला थंड टॉवेल ठेवा, मात्र ज्यांचा कोट ओला होऊन चालत नाही त्यांच्या फक्त पोटाखाली. धापा टाकणाऱ्या कुत्र्याचा चेहराच बदलतो. तुमच्या पुढचा चौथा कुत्रा तपासणीला गेला की उठवा, ब्रश फिरवा, मग पाय लावा.

रिंगमध्ये कॅमेरा कुठे आहे ते पाहू नका, जज कुठे आहे ते पाहा. जज कधीही मागे वळून पूर्ण रांगेवर नजर टाकतो, आणि त्या दोन सेकंदांत खांदे पाडून उभा असलेला कुत्रा मागे पडतो. तुमचा हात कापत असेल तर पट्टा दोन्ही हातांनी धरा, नाहीतर तो कंप थेट कुत्र्याच्या मानेपर्यंत जातो. पट्ट्यावरची पकड निकालानंतरही सोडू नका. 2018 मध्ये क्रफ्ट्सला टीज नावाची व्हिपेट जिंकली, तेवढ्यात आंदोलक रिंगमध्ये धावून आले आणि तिच्या हँडलरला तिला तिथल्या तिथे उचलून घ्यावं लागलं.

क्रमांक लागला तर छायाचित्रासाठी पुन्हा स्टॅक करावा लागतो, म्हणून खिशात दोन-तीन तुकडे शिल्लक ठेवा. नाही लागला तरी बेंचची वेळ संपेपर्यंत जाता येत नाही. त्या वेळात कुत्र्याला पोटभर पाणी द्या, थोडं थोडं करून. डोक्यावरचे स्प्रे लावलेले केस त्याच रात्री कंडिशनर लावून मोकळे करा आणि कोमट पाण्याने धुवा. स्प्रे तसाच ठेवून कुत्रा झोपला तर सकाळपर्यंत केस मुळाजवळ तुटलेले असतात, आणि पुढच्या स्पर्धेचा कोट तिथेच गेलेला असतो.